अंगणांतील डायनोसॉर

सटाण्याहून ताहाराबादमार्गें मुल्हेर-साल्हेरकडे निघालेल्या वाटसरूला बागलाणचे डोंगर दुरूनच ओळखूं येतात. एकावर एक रचलेल्या पायऱ्यांसारखे त्यांचे कडे. मध्यें गवताची पट्टी, पुन्हां काळा कडा, पुन्हां पट्टी. आणि या सर्वांच्या वर १५६७ मीटर उंचीचा साल्हेर, महाराष्ट्रांतील सर्वांत उंच किल्ला. वाटेंत एखाद्या मळ्यांत, डाळिंबाच्या झाडांखालीं, कोंबड्या माती उकरीत असतात. एखादी कोंबडी पाय मागें ओढून माती उडविते, मान तिरकी करून एका डोळ्यानें खालीं पाहते आणि किडा टिपते. डोंगर आणि कोंबडी हीं दोन्ही दृश्यें इतकीं नित्याचीं आहेत कीं त्यांचा एकमेकांशीं कांहीं संबंध असेल अशी शंकाहि कोणाला येत नाहीं. परंतु तसा संबंध आहे. हे डोंगर ज्या काळांत घडले, त्याच काळांत डायनोसॉर नांवाच्या प्राण्यांचें राज्य बुडालें. आणि त्या राज्याचा जो एक वारस जिवंत राहिला, त्याच्याच वंशांतील ती माती उकरणारी कोंबडी आहे.

डायनोसॉर पृथ्वीवरून नाहींसे झाले, हें वाक्य शाळकरी मुलांच्या तोंडीं असतें आणि वडील माणसेंहि तें निःशंकपणें उच्चारतात. गेल्या पन्नास-साठ वर्षांतील संशोधनानें हें वाक्य अर्धेंच खरें ठरविलें आहे. डायनोसॉरांचीं बहुतेक कुळें नष्ट झालीं. एक कुळ उरलें, आणि त्या कुळाला लोक पक्षी म्हणतात. चिमणी, कावळा, मोर, घार हे डायनोसॉरांसारखे आहेत एवढेंच शास्त्रज्ञांचें म्हणणें नाहीं. ते डायनोसॉरच आहेत, असें त्यांचें म्हणणें आहे. वटवाघूळ उडतें म्हणून तें सस्तन प्राण्यांच्या वर्गांतून बाहेर पडत नाहीं. त्याच न्यायानें, उडूं लागले म्हणून पक्षी डायनोसॉरांच्या घराण्यांतून बाहेर पडत नाहींत. एवढें मोठें विधान कशाच्या आधारावर केलें जातें, तें पाहण्याजोगें आहे.

डायनोसॉर हा शब्द १८४२ सालीं रिचर्ड ओवेन या इंग्रज शरीरशास्त्रज्ञानें बनविला. ग्रीक भाषेंतील दोन शब्दांचा हा जोड असून त्याचा अर्थ ‘भयंकर सरडा’ असा होतो. नांव ठसठशीत असलें तरी तें दोन्ही बाजूंनीं फसवें आहे. सर्वच डायनोसॉर भयंकर नव्हते. त्यांत कोंबडीएवढेहि होते. आणि सरडा हा तर त्यांचा फार दूरचा नातलग. भिंतीवरील पाल आणि अंगणांतील कोंबडी यांच्या पायांकडे एकवार पाहिलें म्हणजे भेद ध्यानांत येतो. पालीचे पाय दोहों बाजूंस फांकलेले असतात. कोंबडीचे पाय खांबांप्रमाणें थेट अंगाखालीं असतात व शरीराचा सारा भार ते सरळ तोलतात. डायनोसॉरांचे पाय कोंबडीसारखे होते, पालीसारखे नव्हते. अंगाखालीं आलेल्या या पायांमुळेंच त्यांच्यापैकीं कांहींना वेगानें धांवतां आलें आणि कांहींना डोंगराएवढें शरीर पेलतां आलें.

पहिले डायनोसॉर सुमारें २३ कोटी वर्षांपूर्वीं दिसूं लागले. ते अंगानें लहान, चपळ व मागच्या दोन पायांवर चालणारे होते. काळाच्या ओघांत त्यांच्यापासून मुख्यतः तीन घराणीं निघालीं. पहिलें लांब मानेच्या, चार पायांवर चालणाऱ्या शाकाहारी प्राण्यांचें. दुसरें शिंगें, ढाली अथवा चोंची धारण करणाऱ्या शाकाहारी प्राण्यांचें. आणि तिसरें दोन पायांवर धांवणाऱ्या, बहुतांशीं मांसाहारी प्राण्यांचें. पक्ष्यांची कथा या तिसऱ्या घराण्यांतील आहे. परंतु पहिल्या घराण्याचा विस्तार पाहावयाचा असेल, तर नाशिककरांनीं आपल्याच नदीच्या मागोमाग जावें.

त्र्यंबकेश्वरीं उगम पावलेल्या गोदावरीला विदर्भाच्या दक्षिण टोकाशीं, सिरोंच्याजवळ, प्राणहिता येऊन मिळते. त्या परिसरांतील खडकांच्या एका थराला तेथील कोटा या गांवाचेंच नांव मिळालें आहे. बागलाणचे कडे घडण्याच्या दहा कोटींहून अधिक वर्षें आधीं तो थर पाण्यांतील गाळानें बनला. याच थरांत, खोऱ्याच्या आज तेलंगणांत असलेल्या भागांत, कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या भूशास्त्रज्ञांना १९६० च्या सुमारास एका अजस्र प्राण्याचीं हाडें विपुल सांपडलीं. मांडीचें एकेक हाड सुमारें १७० सेंटिमीटर, म्हणजे माणसाच्या उंचीएवढें. १९७५ सालीं या प्राण्याला ‘बारापासॉरस टागोराय’ असें नांव देण्यांत आलें. बंगालींत ‘बड पा’ म्हणजे मोठा पाय. आणि १९६१ हें रवींद्रनाथ टागोरांच्या जन्मशताब्दीचें वर्ष, म्हणून त्यांचें नांव जोडलें गेलें. कवीचें नांव धारण करणारा असा डायनोसॉर जगांत विरळाच.

खुद्द बागलाणांत मात्र डायनोसॉरचें हाड शोधूं जाणाराच्या हातीं कांहीं लागणार नाहीं. त्याचें कारण त्या डोंगरांच्या जन्मांतच आहे. सुमारें ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीं या भूमीला लांबच लांब भेगा पडल्या व त्यांतून तापलेला लाव्हारस वाहूं लागला. एक थर थिजावा, कांहीं काळ शांततेंत जावा आणि मग त्यावर दुसरा थर यावा, असें वारंवार होत गेलें. डोंगरांना पायऱ्यांचा आकार आला तो यामुळेंच. स्कँडिनेव्हियन भाषांतील पायरी या अर्थाच्या शब्दावरून भूशास्त्रज्ञांनीं या खडकाला ‘ट्रॅप’ म्हटलें आणि ‘डेक्कन ट्रॅप’ हें नांव जगभर रूढ झालें. आजहि हा काळा कातळ सुमारें पांच लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापून आहे. उकळत्या रसांत हाड टिकत नाहीं; तें टिकतें गाळांत व मातींत. पश्चिम महाराष्ट्रांत कातळाची जाडी इतकी आहे कीं त्याखालची जुनी जमीन दृष्टीसच पडत नाहीं. पूर्वेस व उत्तरेस, जेथें कातळाची कड पातळ होत जाते, तेथें ती जुनी जमीन उघडी पडली आहे. नर्मदेवरील लमेटा घाटावरून तिला ‘लमेटा थर’ म्हणतात. लाव्हा येण्यापूर्वीं या भूमीवर कोण नांदत होतें, याची नोंद त्या थरांत आहे.

ही नोंद प्रथम वाचली गेली ती जबलपूर येथें. ठगांचा बंदोबस्त करणारा अधिकारी म्हणून प्रसिद्धि पावलेला स्लीमन यास १८२८ सालीं तेथील एका टेकडीवर कांहीं अश्मीभूत हाडें मिळालीं. डायनोसॉर हा शब्द तेव्हां अस्तित्वांतहि नव्हता; तो जन्मास यावयाला अजून चौदा वर्षें अवकाश होता. पुढें १८७७ सालीं रिचर्ड लायडेकर यानें त्या हाडांवरून ‘टायटॅनोसॉरस इंडिकस’ ही जाति वर्णिली. मौज अशी कीं, ज्या मणक्यांवरून ही जाति उभी राहिली ते मणके नंतर गहाळ झाले. त्यांपैकीं एक मणका २०१२ सालीं कलकत्त्याच्या संग्रहांत पुन्हां हातीं लागला. कोट्यवधि वर्षें मातींत सुरक्षित राहिलेली वस्तु माणसाच्या कपाटांत शंभर वर्षेंहि नीट राहूं नये, हें विचार करण्याजोगें आहे.

महाराष्ट्राची यांतील कामगिरी चंद्रपूर जिल्ह्यांत दिसते. वरोऱ्याजवळ पिसदुरा नांवाचें लहानसें गांव आहे. १८४५ पासून नागपुरांत राहिलेले मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांना भूशास्त्राचा नाद होता. पिसदुऱ्याच्या अवशेषांकडे प्रथम लक्ष वेधणाऱ्यांत ते होते. तेथें डायनोसॉरांच्या हाडांबरोबरच त्यांच्या विष्ठेचे दगड बनलेले गोळेहि सांपडतात. वस्तु क्षुद्र वाटेल. परंतु २००५ सालीं याच गोळ्यांनीं वनस्पतिशास्त्राच्या इतिहासांतील एक प्रकरण नव्यानें लिहावयास लावलें. गवताच्या पानांत वाळूच्या जातीचे अतिसूक्ष्म कण असतात आणि निरनिराळ्या गवतांच्या कणांची घडण निराळी असते. भारतीय व परदेशी संशोधकांना या गोळ्यांत असे कण सूक्ष्मदर्शकाखालीं दिसले. डायनोसॉरांच्या काळीं गवत जवळजवळ नव्हतेंच, असा तोंवरचा समज होता. पिसदुऱ्याच्या प्राण्यांनीं तें खाल्लें होतें, एवढेंच नव्हे तर त्यांत भाताच्या कुळाशीं नातें सांगणारें गवतहि होतें. घरोघर शिजणाऱ्या भाताचा एक दूरचा पूर्वज अशा रीतीनें डायनोसॉरच्या पोटांतून गेलेला आहे.

त्याच परिसरांतील डोंगरगांव येथें भारतीय सांख्यिकी संस्थेच्या संशोधकांनीं १९८० नंतरच्या दशकांत एका मोठ्या शाकाहारी डायनोसॉरचा सांगाडा खणून काढला. त्याचें वर्णन १९९७ सालीं प्रसिद्ध झालें, आणि २००३ सालीं संस्थेच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला ‘इसिसॉरस’ हें नांव मिळालें. हिंदुस्थानांत या काळच्या प्राण्यांचीं हाडें बहुधा विखुरलेलींच मिळतात. एकाच प्राण्याचा इतका भाग एकत्र मिळणें हा दुर्मिळ योग होता.

परंतु चंद्रपूरचे हे महाकाय प्राणी कोंबडीचे पूर्वज नव्हेत. ते पहिल्या घराण्यांतले. कोंबडी तिसऱ्या घराण्यांतली. त्या तिसऱ्या घराण्याचा एक मोठा पुरुष गुजरातेंत नांदत होता. खेडा भागांत राहियोली येथें सांपडलेल्या हाडांवरून २००३ सालीं ‘राजासॉरस’ हा मांसाहारी प्राणी जगापुढें आला. त्याच्या कपाळावर आंखूड शिंग होतें. त्यालाहि कोंबडीचा आजा म्हणतां येणार नाहीं, कारण तो जिवंत असतांना पक्षी आधींच जगांत वावरत होते. त्यांचें नातें चुलतघराण्याचें. कोंबडीच्या सख्ख्या पूर्वजांचा माग काढण्यास जर्मनी, मंगोलिया आणि चीन या देशांत जावें लागतें.

जर्मनींत झोल्नहोफेन येथील चुनखडींत १८६१ सालीं ‘आर्किऑप्टेरिक्स’ या प्राण्याचा अवशेष मिळाला. त्याला पक्ष्याचीं पिसें होतीं. पण जबड्यांत दांत, पंखांना नखें आणि मागें हाडांची लांब शेपटीहि होती. टॉमस हक्सले या इंग्रज शास्त्रज्ञानें त्यावरून पक्षी व डायनोसॉर यांचें नातें ओळखलें. तरीहि पुढें कित्येक वर्षें हा विचार मागें पडला. डेन्मार्कचा गेरहार्ड हाइलमान यानें १९२६ सालीं इंग्रजींत प्रसिद्ध झालेल्या ग्रंथांत एक आक्षेप घेतला. पक्ष्याच्या दोन्ही खांद्यांमध्यें बेचक्याच्या आकाराचें एक हाड असतें. तें गळपट्टीच्या दोन हाडांपासून बनतें. डायनोसॉरांना हीं हाडेंच नाहींत, मग त्यांच्यापासून पक्षी कसे होतील? आक्षेप वरकरणी बिनतोड होता, आणि त्यानें सुमारें अर्धें शतक शास्त्रज्ञांना गप्प बसविलें.

या ठिकाणीं एका प्राण्याची हकीकत सांगणें अवश्य आहे, कारण त्याच्यावर दोनदां अन्याय झाला. १९२३ सालीं अमेरिकेच्या एका मोहिमेला मंगोलियाच्या गोबी वाळवंटांत अंड्यांच्या घरट्यावर पडलेला एक लहान डायनोसॉर मिळाला. अंडीं दुसऱ्या जातीचीं आहेत व हा तीं चोरावयास आला असतां मेला, असा तर्क होऊन पुढच्या वर्षीं त्याला ‘ओव्हिरॅप्टर’, म्हणजे अंडीचोर, हें नांव मिळालें. सत्तर वर्षें हा कलंक त्याच्या माथीं राहिला. १९९३ सालीं त्याच वाळवंटांत तशाच एका अंड्यांत गर्भाचा सांगाडा सांपडला, आणि तो गर्भ ओव्हिरॅप्टरच्याच कुळांतला निघाला. अंडीं त्याचींच होतीं. त्याच कुळांतील इतर सांगाडे तर घरट्यावर बसून, दोन्ही हात अंड्यांभोंवतीं पसरलेल्या स्थितींत मिळाले. खुडूक कोंबडी जशी अंड्यांवर बसते तसेच. ज्याला चोर ठरविलें तें अंडीं उबविणारें जनावर होतें. दुसरा अन्याय याहून सूक्ष्म होता. हाइलमाननें जें बेचक्याचें हाड डायनोसॉरांत नाहीं म्हणून सांगितलें, तें याच अंडीचोराच्या पहिल्या सांगाड्यांत होतें; परंतु वर्णन करणारानें त्याला भलतेंच हाड समजून नोंद केली होती. पुरावा पुढें असूनहि तो वाचतां आला नाहीं.

गाडें पुन्हां हललें तें जॉन ऑस्ट्रम या अमेरिकन शास्त्रज्ञामुळें. १९६४ सालीं मोंटाना प्रांतांत सांपडलेल्या ‘डायनॉनिकस’ या चपळ मांसाहारी प्राण्याचा त्यानें बारकाईनें अभ्यास केला. त्याच्या मनगटांत अर्धचंद्राकृति हाड होतें. या हाडामुळें हात कडेला दुमडतां येतो. कावळा पंख मिटतो तो याच युक्तीनें. शेवटीं १९९६ सालीं चीनच्या लिआओनिंग प्रांतांतून असा एक डायनोसॉर पुढें आला कीं त्याच्या अंगावर मऊ लवेसारखें आवरण स्पष्ट उमटलें होतें. त्यानंतर खऱ्याखुऱ्या पिसांचे डायनोसॉरहि तेथें एकामागून एक मिळाले. यावरून असें दिसतें कीं पिसें प्रथम उडण्यासाठीं आलीं नाहींत. अंगाची ऊब राखणें, जोडीदाराला मोहविणें, हे त्यांचे आरंभींचे उपयोग असावेत. उड्डाण मागाहून आलें. मोराचा पिसारा पाहतांना हा क्रम विसरूं नये.

इतकें कळल्यावर अंगणांतील कोंबडी निराळी दिसूं लागते. तिच्या पायांवरचे खवले, पुढें आलेलीं तीन बोटें, दोन पायांवरची चाल, खांद्यांमधील बेचक्याचें हाड, पोकळ व हलकीं हाडें, कवचाचीं अंडीं आणि त्यांवर बसण्याची माया, यांतील एकहि गोष्ट पक्ष्यांनीं नव्यानें मिळविलेली नाहीं. तीं सारीं त्यांना डायनोसॉर पूर्वजांकडून वडिलोपार्जित मिळालेलीं आहेत.

आतां उरतो प्रश्न राज्यनाशाचा. १९८० सालीं लुइस व वॉल्टर आल्व्हारेझ या पितापुत्रांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं असें दाखविलें कीं, डायनोसॉरांचा अंत झाला त्या वेळच्या मातीच्या पातळ थरांत इरिडियम ही धातु अकल्पित प्रमाणांत आहे. ही धातु पृथ्वीच्या पृष्ठभागीं दुर्मिळ, पण अवकाशांतून येणाऱ्या पाषाणांत बरीच असते. पुढें मेक्सिकोच्या युकातान भागांत जमिनीखालीं गाडलें गेलेलें सुमारें १८० किलोमीटर व्यासाचें विवर ओळखलें गेलें. सुमारें दहा किलोमीटर रुंदीचा तो पाषाण आदळल्यावर धुळीनें सूर्य झांकला गेला, वनस्पति करपल्या आणि अन्नाची सांखळी तुटली. बहुतेक शास्त्रज्ञ मुख्य दोष या आघाताकडे देतात. परंतु बागलाणच्या कड्यांना घडविणारा अग्नि त्याच सुमारास, आघाताच्या आधीं व नंतरहि, धुमसत होता. त्यांतून निघालेल्या वायूंनीं पृथ्वीचें हवामान किती बिघडविलें, याविषयीं वाद अजून चालूं आहे. कोप झाला तरी जीवन समूळ थांबलें नाहीं. दोन लाव्हाथरांमधल्या शांत काळांत तळीं भरत, झाडें उगवत. मुंबईंत वरळीच्या खडकांत सांपडलेले बेडकांचे चिमुकले सांगाडे हे अशाच एका विश्रांतीचे साक्षी आहेत.

या संकटांतून कांहीं थोडे पक्षीच कां तरले? लहान शरीराला अन्न थोडें पुरतें. दांत जाऊन चोंच आल्यानें मातींत पडलेलें बीं टिपतां येतें. आणि झाडें जळालीं तरी जमिनीवर राहणाराचें फारसें अडत नाहीं. अशीं कारणें शास्त्रज्ञ सुचवितात. माती उकरून दाणा टिपण्याची जी क्रिया अंगणांत क्षुल्लक वाटते, ती कदाचित् एके काळीं जीव वांचविणारी विद्या होती. त्या मूठभर जीवांपासून आज पक्ष्यांच्या सुमारें अकरा हजार जाति झाल्या आहेत. सस्तन प्राण्यांच्या जाति साडेसहा हजारांच्या आसपासच आहेत. डायनोसॉरांचें राज्य खरोखरच बुडालें काय, असा प्रश्न या आंकड्यांवरून कोणी विचारला तर त्याला हंसतां येणार नाहीं.

या कथेंतील एक भाग माणसाच्या हातीं आहे. मध्य प्रदेशांत धार जिल्ह्यांतील पाडल्या येथें शेतांत निघालेले वाटोळे दगड शेतकरी ‘काकर भैरव’ म्हणून पूजीत असत. शेतीचें व गुरांचें रक्षण करणारे हे देव, अशी त्यांची श्रद्धा. तीं डायनोसॉरांचीं अंडीं असल्याचें तज्ज्ञांनीं ओळखलें व तें २०२३ सालीं जाहीर झालें. त्या श्रद्धेला अडाणीपणा म्हणून नाक मुरडणें सोपें आहे. पण तीं अंडीं फुटलीं नाहींत तीं त्या श्रद्धेमुळेंच. ज्या शेतांत कोणी पूजा केली नाहीं, तेथले असे दगड कितीदां बांधांत चिणले गेले असतील, याचा हिशेब कोणी ठेवलेला नाहीं. अश्मीभूत अवशेषाची दुसरी प्रत नसते.

आणि जिवंत डायनोसॉरांचीहि तीच गोष्ट. १९९० नंतरच्या दशकांत हिंदुस्थानांतील गिधाडांच्या तीन जाति शेंकडा नव्वदाहून अधिक घटल्या. गुरांना दुखण्यावर देण्यांत येणारें डायक्लोफिनॅक हें औषध मेलेल्या जनावरांच्या मांसांतून गिधाडांच्या पोटांत जाई व त्यांचीं मूत्रपिंडें निकामी करी. कारण कळण्यास २००४ साल उजाडलें. २००६ सालीं गुरांसाठीं त्या औषधावर बंदी आली. साडेसहा कोटी वर्षांपूर्वींच्या अग्निवर्षावांतून तरलेला वंश एका औषधाच्या सुईपुढें हतबल झाला.

तथापि आशेलाहि जागा आहे, आणि ती बागलाणच्या शेजारींच आहे. रानपिंगळा हा लहानसा घुबडवर्गीय पक्षी १८८४ नंतर कोणाच्या हातीं लागला नाहीं. तो नामशेष झाला असें बहुतेकांनीं धरून चाललें होतें. १९९७ सालीं नंदुरबार जिल्ह्यांत शहाद्याजवळच्या रानांत तीन अमेरिकन पक्षितज्ज्ञांना तो भर दिवसा झाडावर बसलेला दिसला. एकशें तेरा वर्षें तो तेथेंच होता, पाहणारा नव्हता.

म्हणून एखाद्या मुलानें डायनोसॉर कोठें गेले असें विचारलें, तर वडील माणसांनीं त्याला पुस्तकांतील भयंकर चित्र दाखवून थांबूं नये. त्याला अंगणांत न्यावें, कोंबडीच्या पायावरचे खवले दाखवावे, तिचीं तीन बोटें मोजावयास सांगावीं. आणि कोंबडी नसेल तेथें खिडकींतलें कबूतरहि चालेल. मग त्यानें आपण होऊन विचारलें कीं हे सुद्धां एक दिवस नाहींसे होतील काय, तर त्याचें उत्तर खडकांत नाहीं, घरोघरींच्या माणसांत आहे, असें त्याला खुशाल सांगावें.